शंभर फेऱ्यांची पट्टी

ज्यांनी कधी उभा डाव पाहिलेला नाही त्यांना वाटतं, सायकलची शर्यत म्हणजे नुसतं जीव तोडून पळणं. तसं असतं तर माझ्यावर खोटं बोलायची वेळच आली नसती. दोघांच्या शर्यतीत पुढचा वारा कापतो, मागचा त्याच्या आडोशाने आरामात येतो आणि शेवटच्या टप्प्यात बाहेर पडून त्याला मागे टाकतो. त्यामुळे पुढे जायचं कुणालाच नसतं. मग दोघंही अडून बसतात. ब्रेक नसलेली सायकल, उतरती फळ्यांची वाट, पाय पेडलवर, आणि जागच्या जागी उभं राहायचं. ज्याचा पाय खाली टेकला तो हरला. ज्याचा धीर सुटला तो पुढे निघाला, म्हणजे तोही बहुतेक हरलाच. अशा वेळी हजार माणसं श्वास रोखून बघत बसतात आणि घडत काहीच नसतं.

आता तुम्हीच सांगा, याचं चित्र कसं घ्यायचं?

अठराशे नव्याण्णव साली मी आणि माझा नवरा आल्सिद उत्तरेकडच्या जत्रांतून तंबू ठोकून हलती चित्रं दाखवायचो. चित्रं घेणारी पेटी एकच, धुवायच्या बादल्या तीन, घोडी एक. त्या घोडीने मे महिन्यात आल्सिदच्या मनगटावर लाथ घातली आणि पेटीचा दांडा माझ्या हातात आला. सेकंदाला दोन फेऱ्या, कमी नाही, जास्त नाही. हात घाबरला की पडद्यावरची माणसं माकडासारखी पळतात, हे आल्सिद मला दिवसातून दहादा ऐकवायचा. पेटीत सतरा मीटर पट्टी मावायची. म्हणजे शंभर फेऱ्या, पन्नास सेकंद, पुढे अंधार. आणि त्या आठवड्यात आमच्याकडे पट्टीही एकच धड उरली होती, बाकीच्या डब्यांना ओल लागली होती.

शर्यत रुबे इथे होती, आमच्याच गावात, असेन्शनच्या सुट्टीच्या गुरुवारी. शनिवारपासून जत्रा. आल्सिदने डाव्या हाताने गावभर कागद चिकटवले होते : ‘पाहा! फ्लोरिमोंची अखेरची धाव! आमच्याच तंबूत!’ फ्लोरिमों म्हणजे माझा धाकटा भाऊ, एकतीस वर्षांचा.

त्याच्यासाठी तो दिवस चित्राबित्राचा नव्हता. नऊ वर्षं त्याने लोकर विंचरायच्या गिरणीत काढली होती. आमचा बाप त्याच खात्यात धूळ गिळून एकेचाळिसाव्या वर्षी खोकत खोकत गेला. मीही लग्नाआधी चार वर्षं तिथेच होते, म्हणून सांगते, त्या खात्यात सकाळी माणूस आत जातो आणि संध्याकाळी त्याचं निम्मंच बाहेर येतं. फ्लोरिमों सायकलच्या जोरावर तिथून सुटला होता. पण वय झालं, दोन हंगाम वाईट गेले, आणि वेलोड्रोमच्या, म्हणजे सायकल शर्यतीच्या मैदानाच्या, संचालकाने स्पष्ट सांगितलं : पॅरिसच्या साव्हिन्याकला हरवलंस तर उन्हाळ्याचा करार, नाहीतर नमस्कार. आणि गिरणीचे मुख्य व्यवस्थापक मस्य वानहूत, म्हणजे वानहूत साहेब, यांनी तर आधीच निरोप धाडला होता की सोमवारी सहा वाजता खात्यात एक जागा रिकामी आहे. हेच मस्य वानहूत त्या दिवशी शर्यतीचे मुख्य पंचही होते. आमच्या गावात गिरणीवालेच सगळं असतात.

तीनपैकी दोन जिंकायच्या होत्या. पहिली फ्लोरिमोंने घेतली, दुसरी साव्हिन्याकने. दुसरीत फ्लोरिमों पुढे सापडला आणि सायकलभर अंतराने हरला. मी दोन्ही वेळा दांड्याला हात लावला नाही. पट्टी तिसरीसाठी राखली होती.

मधल्या वेळात तो माझ्याजवळ येऊन गवतावर बसला आणि पोटरी चोळायला लागला.

"काय झालं रे?"

"काही नाही. जरा गोळा येतोय."

"उजव्यात?"

"ओर्तांस, तू तुझी पेटी बघ."

"बघतेच आहे. तू मात्र उभं राहायचा हट्ट करू नकोस आज. त्या पायावर निभायचं नाही."

"उभं राहूनच जिंकणार," तो म्हणाला. "पळण्यात तो माझ्यापेक्षा चांगला आहे. धीर नाही त्याला. त्याला पुढे जायला लावलं की झालं."

तेवढ्यात साव्हिन्याकही आला. देखणा माणूस, मिशा मेण लावून वर वळवलेल्या, आणि ते त्याला पक्कं ठाऊक. त्याने टोपी काढून मला विचारलं, "मादाम, चित्र कुठल्या बाजूने घेताय?"

"जी बाजू पुढे असेल त्या बाजूने."

तो हसला. "मग माझ्याच. मागे पॅरिसात एका गाढवाने मी रेषेवर पोहोचायच्या आतच पट्टी संपवली. लोकांनी मला पडद्यावर वळणावर पाहिलं ते शेवटचं."

"मी गाढव नाही," मी म्हटलं. वरच्या बाकांवरून कुणीतरी ओरडलं, "ए बाई, कॉफी दळतेस का? चार कप इकडे पाठव!" मी ओरडले, "तुझ्या डोक्यात बी असतं तर तेही दळलं असतं!" लोक हसले. मला हसू येत नव्हतं.

माझी पेटी वाटेच्या आतल्या कडेला, शेवटच्या रेषेच्या थोडी पुढे, तिपाईवर होती. आल्सिद गळ्यात हात अडकवून बाजूला उभा. आमचं ठरलं होतं, शेवटच्या चकरेची घंटा वाजली की दांडा सुरू करायचा. संथ चक्कर, मग धाव, मग रेष, सगळं मिळून चाळीस-पंचेचाळीस सेकंद. पुरेल.

चिठ्ठीत फ्लोरिमोंला पुढे राहायचं आलं. पहिल्या दोन चकरा दोघं इतक्या हळू गेले की बाजूने चालणाऱ्या माणसानेही त्यांना मागे टाकलं असतं. घंटा वाजली. दोघं माझ्यासमोरून रेष ओलांडत आले आणि मी दांडा फिरवायला लागले. एक, दोन, तीन. बाराव्या फेरीला फ्लोरिमों थांबला.

माझ्यापासून चार पावलांवर. पुढचं चाक किंचित वर वळवून, कंबर उचलून, दगडासारखा. साव्हिन्याक त्याच्या मागे, जरा वरच्या अंगाला. तोही थांबला. वेलोड्रोममध्ये एकदम शांतता झाली आणि माझ्या पेटीची खटखट सगळीकडे ऐकू यायला लागली.

आता निघतील, मला वाटलं. वीस. आता निघतीलच. तीस. उभा डाव मी शंभरदा पाहिला होता, पण हातात दांडा असताना कधी नाही, आणि प्रत्येक फेरीला वाटायचं की ही सोडली आणि नेमके ते निघाले तर? चाळिसाव्या फेरीला आल्सिद कानाशी फिसकारला, "थांब! संपवशील!"

मी थांबले. साठ फेऱ्या शिल्लक होत्या. शेवटचं वळण आणि रेष एवढंच घेतलं तरी आमची जत्रा साजरी झाली असती. मध्ये चित्राला एक उडी बसेल, बसू दे. मी श्वास सोडला आणि तेव्हा कुठे भावाकडे भाऊ म्हणून पाहिलं.

त्याची उजवी पोटरी थरथरत होती.

लांबून कुणाला दिसली नसती. मला दिसत होती. कातडीखाली गोळा वर-खाली पळत होता आणि टाच पेडलवर कापत होती. चेहऱ्यावर मात्र काही नाही, गिरणीतल्या माणसासारखा बंद. फार तर अर्धा मिनिट टिकला असता. मग एकतर पाय खाली, नाहीतर पुढे निघणं भाग, आणि पुढे निघाला की साव्हिन्याक त्याच्या पाठीला चिकटून येणार आणि दुसऱ्या शर्यतीसारखाच त्याला खाऊन टाकणार. सोमवार, सहा वाजता.

आणि साव्हिन्याक? तो मजेत होता. पेटी थांबल्यापासून त्याचे खांदे सैल झाले होते. हँडलवरचे हात नुसते ठेवल्यासारखे.

भीतीने माझा हात आपोआप हलला. दोनच फेऱ्या. खट खट, खट खट. आणि साव्हिन्याकची मान ताठ झाली. बोटं हँडलभोवती आवळली, छाती खाली गेली. मी हात काढला, तो परत सैल झाला.

मला सगळं एका क्षणात समजलं. पेटी चालू असताना या माणसाला उभं राहवत नव्हतं. पडद्यावर बावळटासारखं उभं दिसणं त्याला सोसवत नव्हतं. पेटी बंद असेल तर तो संध्याकाळपर्यंत उभा राहिला असता. फ्लोरिमोंला जे पायाने साधत नव्हतं ते माझ्या दांड्याने साधत होतं. पण त्यासाठी पट्टी जाळावी लागणार होती, आणि ती पट्टी म्हणजे आमचा तंबू, आमचे कागद, आल्सिदची सगळी मेहनत.

मी फिरवायला सुरुवात केली.

"काय करतेस?" आल्सिद म्हणाला. "ओर्तांस! उभेच आहेत ते!"

"गप."

पन्नास. साव्हिन्याक खाली वाकला, पण निघाला नाही. साठ. फ्लोरिमोंचा गुडघाही आता हलत होता. माझ्या कपाळावरचा घाम डोळ्यांत येत होता आणि पुसायला हात मोकळा नव्हता. सत्तर. साव्हिन्याक मान न वळवता ओठांच्या कोपऱ्यातून म्हणाला, "मादाम, किती उरली?"

ऐंशी. नव्वद. देवाशपथ सांगते, तेव्हा मला शनिवारची आठवणही नव्हती. मी फक्त त्या टाचेकडे बघत होते. शंभर.

पट्टी संपली. हाताला ओझं लागेनासं झालं आणि आवाज बदलला. फार नाही, थोडा कोरडा झाला, पोकळ झाला. गिरणीत यंत्रातली लोकर संपली की असंच होतं. आम्ही ते न बघता ओळखायचो, ओळखलं नाही तर मुकादमाचा हात पाठीत बसायचा. आल्सिदला पेटीच्या सवयीने कळलं, त्याने तोंड उघडलं, मी माझ्या लाकडी चपलेची टाच त्याच्या बोटांवर रोवली. आणि दांडा फिरवत राहिले, दोन फेऱ्या सेकंदाला, कमी नाही, जास्त नाही.

"मादाम," साव्हिन्याक पुन्हा म्हणाला, आता आवाज चिरका, "किती?"

"चाळीस," मी म्हटलं. हळूच, त्याच्यापुरतं. "एका चकरेपुरत्या. आत्ता निघाल तर रेषेवर दिसाल."

तो निघाला.

वरच्या अंगाने असा सुटला की फळ्या दणाणल्या. आणि त्याच पळात, एका पेडलाचाही फरक न पडता, फ्लोरिमों त्याच्या मागच्या चाकाला चिकटला. जणू तो कधी निघणार हे त्याला आधीच ठाऊक होतं. लोक उठून उभे राहिले. पलीकडच्या सरळ वाटेवर साव्हिन्याक पुढे, शेवटच्या वळणावर साव्हिन्याक पुढे, वारा त्याच्या छातीवर. मग वळणातून बाहेर येताना माझा भाऊ बाहेरच्या अंगाला सरकला. त्याचं तोंड उघडं होतं आणि उजवा पाय नुसता ओढला जात होता, पण तो आला, इंच इंच आला आणि अर्ध्या चाकाने जिंकला.

माझा हात अजून रिकामी पेटी फिरवत होता. आल्सिदने तो धरून थांबवला.

लोकांनी फ्लोरिमोंला उचललं. एक चक्कर त्याला खांद्यावरून फिरवून आणल्यावर तो लंगडत माझ्याकडे आला. मी त्याच्या गळ्यात पडणार होते. त्याने मला हाताने अडवलं.

"पेटी रिकामी होती," तो खालच्या आवाजात म्हणाला.

"तुला कळलं?"

"नऊ वर्षं झोपेत ऐकलाय तो आवाज. तू त्याला चाळीस सांगितलंस तेव्हा मला कळलं की आता हा निघणार."

"मग झालं तर! जिंकलास ना?"

"मी उभा राहिलो असतो, ओर्तांस. त्याला मीच हलवला असता."

"तुझा पाय कापत होता, फ्लो."

"माझ्या पायाला काही झालं नव्हतं," तो म्हणाला आणि गेला.

इथे ते मिटलं असतं. पण माझा नवरा! तो पेटी उघडून डोकं धरून बसला आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगत सुटला, "शेवट नाही हो! शेवटच नाही! रिकामी फिरवली हिने!" बायकोचं नाक कापायला बाहेरचा माणूस लागत नाही. संध्याकाळ व्हायच्या आत साव्हिन्याकने तक्रार दिली. विजेत्याच्या बहिणीने खोटं सांगून मला पुढे काढलं, असं त्याचं म्हणणं. ते खरंच होतं. नियम असा की बाहेरच्या माणसाच्या बोलण्याचा स्वाराने जाणूनबुजून फायदा घेतला तर विजय दुसऱ्याला जातो.

शुक्रवारी दुपारी तीन पंच आमच्या तंबूत येऊन बसले. मध्ये मस्य वानहूत, काठीवर दोन्ही हात ठेवून. एका बाजूला साव्हिन्याक, दुसऱ्या बाजूला फ्लोरिमों. आल्सिदने पट्टी धुऊन, छापून तयार ठेवली होती. तंबूच्या फटी गोणपाटांनी बुजवल्या, चित्र उजळ दिसावं म्हणून पडदा पाण्याने भिजवला, आणि चित्र सुरू झालं.

दोन माणसं येतात आणि थांबतात. बस्स. मग मध्ये उडी, आणि परत तीच दोन माणसं. पण पडद्यावर सगळं केवढं मोठं होतं! फ्लोरिमोंची पोटरी भट्टीच्या दाराएवढी, आणि ती थरथरत होती. टाच कापत होती, गुडघा हलत होता, बंद डोळ्याने बघणाऱ्यालाही समजलं असतं की हा माणूस संपलाय. साव्हिन्याकचे ओठ हलले, काय म्हणाला ते पडद्यावर कुठून ऐकू येणार. मग पांढरा उजेड.

मी पडदा बघत नव्हते, भावाला बघत होते. त्याने आपला पाय पाहिला. खोकल्याची उबळ आल्यासारखा त्याने हात तोंडाशी नेला, पण तो खोकला नाही.

"बघा!" साव्हिन्याक म्हणाला. "मी निघायच्या आधीच पट्टी संपली आहे. आणि ही बाई मला म्हणाली चाळीस उरल्या!"

"तुम्ही तिच्याशी बोलायलाच नको होतं," मस्य वानहूत म्हणाले. "असो. बहिणीची साक्ष धरता येणार नाही, नवऱ्याचीही नाही. लोक लांब होते. जवळ एकच माणूस होता." त्यांनी काठी फ्लोरिमोंकडे वळवली. "तुझी बहीण बोललेली तू ऐकलंस का?"

हो म्हटलं तर विजय गेला. सोमवार, सहा वाजता. नाही म्हटलं तर चार पावलांवरचं बोलणं ऐकलं नाही, हे कोण मानणार?

फ्लोरिमों कानामागे हात धरून म्हणाला, "काय म्हणालात, साहेब?"

"ऐकलंस का तिचं बोलणं?"

"जरा मोठ्याने बोला. नऊ वर्षं तुमच्या विंचरणी खात्यात होतो. कान गेलेत माझे."

बाकीचे दोन पंच मस्य वानहूतांकडे बघायला लागले. गेल्याच वर्षी सरकारी तपासनीस आला होता, तेव्हा मस्य वानहूतांनी लिहून दिलं होतं की आमच्या यंत्रांनी कुणाच्या कानाला, छातीला काहीही होत नाही. त्यांची मान लाल झाली.

"मग घंटा कशी ऐकतोस?"

"घंटा बघतो, साहेब. वाजवणाऱ्याचा हात दिसतो."

मस्य वानहूत उठले. "वळ," त्यांनी खूण केली. "तिकडे तोंड कर."

फ्लोरिमों वळला. आता त्याचं तोंड माझ्याकडे होतं. मस्य वानहूत त्याच्या पाठीशी तीन पावलांवर उभे राहिले आणि जेवताना मीठ मागावं तशा साध्या आवाजात म्हणाले, "तुझा बाप माझ्याच खात्यात होता. धुळीने मेला म्हणून तुम्ही गावभर सांगता. दारूने मेला तो. शेवटची दोन वर्षं मी त्याला दयेने ठेवला होता. त्याचं काम बाकीचे करायचे आणि तो कोपऱ्यात पडून असायचा, स्वतःच्या ओकारीत."

आमच्या बापाने आयुष्यात रविवारच्या एका पेल्यापलीकडे बिअर घेतली नाही. मी पुढे झाले, आल्सिदने धडधाकट हाताने माझा दंड पकडला, इतका घट्ट की आठवडाभर वळ राहिला.

फ्लोरिमोंचा चेहरा हलला नाही. पापणीसुद्धा नाही. तो माझ्याकडे बघत होता, सरळ माझ्या डोळ्यांत, आणि मला त्याची नजर टाळता येत नव्हती. उभ्या डावात त्याला मी कधी इतका स्थिर पाहिला नव्हता. पाय कापत नव्हता, हात कापत नव्हता. किती वेळ गेला कोण जाणे. माझ्या हातात दांडा असता तर शंभर फेऱ्या नक्की झाल्या असत्या.

"बहिरा आहे," दुसरा पंच शेवटी म्हणाला. त्याचाच आवाज पडला होता. "एवढं ऐकून कोण उभा राहील?"

विजय कायम राहिला. करार झाला. सोमवारी सहा वाजता त्या खात्यात दुसरा कुणीतरी गेला. आमच्या तंबूतही, विश्वास बसणार नाही, गर्दी झाली. लोकांना कोण जिंकलं ते माहीत होतं, त्यांना तो कापणारा पाय बघायचा होता. साव्हिन्याकही शनिवारी एकदा येऊन बघून गेला आणि माझ्यापुढे टोपी काढून म्हणाला, "मादाम, तुम्ही गाढव नाही, हे कबूल." मला त्या माणसाचा राग कधी आला नाही.

त्या उन्हाळ्यात फ्लोरिमों चार शर्यती जिंकला. पण आता गावात त्याला बहिरंच राहावं लागणार होतं. दुकानात लोक त्याच्या कानाशी ओरडायचे, तो ओठांकडे बघायचा. मागून गाडी आली तरी शेवटच्या क्षणापर्यंत वळायचा नाही. त्यात तो फार पटकन तयार झाला. आम्ही चारचौघांत त्याच्याशी ओरडूनच बोलायचो, आणि मला वाटायचं, घरी आल्यावर हसेल यावर कधीतरी.

जुलैत एका रविवारी तो आमच्या बिऱ्हाडाच्या गाडीवर जेवायला आला. आल्सिद घोडीला पाणी दाखवायला कालव्यावर गेला होता. जवळपास कुणी नव्हतं. तो पाव कॉफीत बुडवून खात होता, मी समोर बसले होते.

"फ्लो," मी म्हटलं, "तुझा पाय कापत होता. मी दुसरं काय करायला हवं होतं?"

तो खात राहिला.

"बापाबद्दल तुला जे ऐकावं लागलं ते माझ्यामुळे. मला माहीत आहे ते. एकदा बोल तरी. शिवी दे हवी तर."

त्याने वर पाहिलं. अनोळखी माणसांना करतो तशीच, अगदी नम्रपणे, त्याने कानाकडे बोट दाखवून मान हलवली, आणि मला लोणी हवंय असं समजून लोण्याची वाटी माझ्याकडे सरकवली.